मालाचे पैसे अडकले तर: गोव्यातल्या पुरवठादारासाठी वसुलीची वाट, पायरीपायरीने

मे संपत आला की किनाऱ्यावरच्या हंगामी खानावळी, म्हणजे शॅक, मोडतात, बांबू आणि झावळ्या ट्रकात जातात आणि मासळी, भाजी, बर्फ, अंडी पुरवणाऱ्याची वही उघडीच राहते. हॉटेलवाला म्हणतो सीझन सुरू होऊ दे, बिल्डर म्हणतो इमारत वापराचा दाखला, म्हणजे ऑक्युपन्सी, मिळू दे, आणि दोघेही म्हणतात चवथ (गणेशचतुर्थी) होऊन जाऊ दे. ‘फाल्यां दितां’ (उद्या देतो) ऐकता ऐकता दोन वर्षे सरतात. मग कोर्टाचा विचार डोक्यात येतो, आणि तेव्हा कळते की चलनावर, म्हणजे माल पोचल्याच्या चिठ्ठीवर, सही कोणाची आहे हेच कोणाला सांगता येत नाही.

चिरे, सिमेंट, हार्डवेअर, किराणा, पॅकिंगचे सामान, काजूगर असा कुठलाही माल उधारीवर देणाऱ्यांसाठी हा लेख आहे. वकील लागेलच. पण वकिलाकडे काय घेऊन जायचे आणि कोणती तारीख चुकवायची नाही हे तुम्हालाच माहीत हवे, कारण असे दावे पडतात ते बहुतेक कोर्टाची पायरी चढण्याआधी झालेल्या चुकांमुळे.

## १. माल नेमका कोणाला विकला?

प्रश्न बाळबोध वाटेल, पण घोळ इथेच होतो. पाटीवर हॉटेलचे नाव एक, परवाना दुसऱ्याच्या नावावर आणि धंदा चालवणारा तिसराच. शॅकच्या बाबतीत तर परवानाधारक गोवेकर आणि गल्ल्यावर बसणारा बाहेरचा, हे चित्र नवीन नाही. दावा पाटीवर लावता येत नाही. तो माणसावर, भागीदारी फर्मवर किंवा कंपनीवर लावावा लागतो.

खरेदीदाराचा जीएसटी क्रमांक बिलावर असेल तर अर्धे काम झाले. पंधरा अक्षरांच्या त्या क्रमांकात पहिले दोन आकडे राज्याचे असतात: गोवा ३०, महाराष्ट्र २७, कर्नाटक २९. तिसऱ्यापासून बाराव्यापर्यंत त्याचा पॅन असतो. पॅनचे चौथे अक्षर, म्हणजे जीएसटी क्रमांकातले सहावे, पाहा. ‘पी’ असेल तर एकटा माणूस, ‘एफ’ असेल तर भागीदारी फर्म, ‘सी’ असेल तर कंपनी, ‘एच’ असेल तर हिंदू अविभक्त कुटुंब. जीएसटीच्या संकेतस्थळावर हा क्रमांक टाकला की कायदेशीर नाव आणि व्यापारी नाव वेगवेगळे दिसते. दाव्यात कायदेशीर नाव घालायचे.

जीएसटी नसेल तर दुकानात लावलेला अन्नसुरक्षा परवाना, बारचा अबकारी परवाना किंवा पंचायतीचा व्यवसाय परवाना कोणाच्या नावावर आहे ते टिपून घ्या. मोबाइलवर फोटो काढायला एक मिनिट लागते, आणि तो धंदा चालू असतानाच काढता येतो.

खरेदीदार कंपनी असेल तर संचालकाला व्यक्तिशः ओढण्याचा मोह आवरा. त्याने लेखी हमी दिलेली नसेल तर कंपनीची उधारी सहसा त्याच्या खिशातून वसूल होत नाही. उगाच चार नावे घातली की चौघांना समन्स बजावण्यातच महिने जातात.

आता स्वतःकडे पाहा. एकट्याचे दुकान असेल तर दावा तुमच्या नावाने, ‘अमुक ट्रेडर्सचे मालक’ अशा ओळखीने होतो. दुकानाच्या नावाने नुसता दावा करता येत नाही. तुमची भागीदारी फर्म असेल तर ती रजिस्ट्रारकडे नोंदलेली आहे का? १९३२ च्या भागीदारी कायद्याच्या कलम ६९ प्रमाणे नोंदणी नसलेल्या फर्मला करारातून आलेल्या हक्कासाठी तिऱ्हाइतावर दावा लावता येत नाही. दावा लावल्यावर धावपळ करून नोंदणी केली तरी तो दावा वाचत नाही, नव्याने लावावा लागतो आणि तोवर मुदत संपलेली असू शकते. वडिलांच्या काळापासून चालत आलेल्या दुकानांत भागीदारीपत्र कपाटात असते आणि नोंदणी कोणीच केलेली नसते. नवा भागीदार घेतला असेल तर त्याचेही नाव नोंदवहीत चढलेले हवे.

## २. मुदत मोजा, आजच

मालाच्या किमतीसाठी दावा लावायला तीन वर्षे मिळतात. हे सगळ्यांना माहीत असते. ती कुठून मोजायची यात मात्र गफलत होते.

उधारीचा ठराविक काळ ठरलेला नसेल तर माल पोचवल्याच्या तारखेपासून. ठरलेला असेल तर तो काळ संपल्यापासून. समजा माल १० ऑगस्ट २०२३ ला पोचला. बिलावर काही लिहिले नसेल तर १० ऑगस्ट २०२६ ही शेवटची तारीख. बिलावर ‘३० दिवसांत देय’ असे ठरले असेल तर ९ सप्टेंबर २०२६. प्रत्येक बिलाची तारीख वेगळी धावते. ‘शेवटचे बिल परवाचेच आहे’ म्हणून जुनी बिले आपोआप जिवंत राहत नाहीत. तुम्हीही त्याच्याकडून माल घेत असाल आणि दोन्हीकडून मागणी चालत असेल, तरच चालू खात्याचा वेगळा नियम लागतो. एकतर्फी उधारीला तो लागत नाही.

मुदत पुन्हा नव्याने सुरू करण्याचे दोन मार्ग आहेत आणि दोन्ही मूळ मुदत संपण्याआधीच वापरावे लागतात. पहिला, येणे मान्य असल्याचे खरेदीदाराच्या सहीचे पत्र. दर ३१ मार्चला शिल्लक कळवणारे एक पानी पत्र पाठवायचे आणि सही-शिक्का घेऊन परत मागायचे, ही सवय लाख मोलाची. दुसरा, काही रक्कम जमा होणे, पण त्याची नोंद देणाऱ्याच्या हातची किंवा सहीची हवी. चेक असेल तर सही आपोआप आलीच. यूपीआयने पाच हजार टाकले तर सोबत ‘अमुक बिलापोटी’ अशी एक ओळ मेलवर मागून घ्या. नाहीतर पुढे ते पैसे कशाचे, यावरच वाद होतो.

अशी फुटकळ रक्कम आली की ती कोणत्या बिलात वळती केली ते त्याच दिवशी खात्यात लिहा आणि त्याला कळवा. त्याने सांगितले नसेल तर ती कुठल्या येण्यात धरायची हे ठरवायचा हक्क तुमचा. दोघांनीही ठरवले नाही तर ती जुन्या बिलापासून क्रमाने वळती होते.

वकिलाची नोटीस पाठवली म्हणून मुदत वाढत नाही. पुन्हा वाचा हे वाक्य. नोटीस पाठवून उत्तराची वाट पाहण्यात मुदत घालवलेले लोक कमी नाहीत.

## ३. कागद जमवा

वकिलाकडे जाताना ही गाठोडी घेऊन जा, तारखेच्या क्रमाने लावून:

- ऑर्डर: लेखी पर्चेस ऑर्डर, मेल किंवा व्हॉट्सअॅपवरचा संदेश
- प्रत्येक बिलाची प्रत
- माल पोचल्याची सही असलेले चलन. लागू असेल तिथे ई-वे बिल, ट्रकची पावती, वजनकाट्याची चिठ्ठी
- खातेउतारा, पहिल्या व्यवहारापासून, जमा रकमांसह
- ज्यांत पैसे जमा झाले ते बँकेचे उतारे
- परत आलेले चेक आणि बँकेचा मेमो
- शिल्लक मान्य केल्याची पत्रे, पैशांबद्दलचा सगळा पत्रव्यवहार
- जीएसटी विवरणपत्रात ही बिले दाखवल्याचा उतारा
- तुमचा जीएसटी दाखला, उद्यम नोंदणी (लहान उद्योगांची सरकारी नोंदणी), फर्मची नोंदणी. कंपनी असल्यास दावा लावण्याचा अधिकार देणारा संचालक मंडळाचा ठराव

यांत सगळ्यांत जड कागद म्हणजे चलन. हॉटेलच्या मागच्या दाराने सकाळी सहाला माल उतरतो, स्वयंपाकघरातला पोरगा चलनावर एक वळसा काढून देतो आणि डिसेंबरात तो पोरगा दुसऱ्या हॉटेलात गेलेला असतो. त्या वळशाचा मालक कोण हे कोर्टात सिद्ध करणार कसे? सहीखाली नाव, हुद्दा आणि मोबाइल क्रमांक स्पष्ट अक्षरांत लिहून घ्या, शिक्का मारून घ्या. शिक्का नसेल तर त्याच दिवशी खरेदीदाराच्या अधिकृत नंबरवर चलनाचा फोटो पाठवा. ‘मिळाले’ असे उत्तर आले तर उत्तम. नाही आले तरी लगेच हरकत आली नाही, ही गोष्ट पुढे कामी येते.

खातेउतारा नीट ठेवलेला असला तरी त्यावर एकट्यावर दावा उभा राहत नाही. हिशेबाच्या वहीतली नोंद पुरावा म्हणून चालते, पण नुसत्या नोंदीवरून कोणावर देणे लादता येत नाही, असे पुरावा कायदाच म्हणतो. नोंदीमागे चलन हवेच.

जीएसटीचा मुद्दा विसरू नका. तुम्ही विवरणपत्रात दाखवलेले बिल खरेदीदाराच्या खात्यात दिसते. त्याने त्यावर कराचे क्रेडिट घेतले असेल तर ‘माल मिळालाच नाही’ म्हणणे त्याला जड जाते. शिवाय बिलाच्या तारखेपासून १८० दिवसांत पैसे दिले नाहीत तर घेतलेले क्रेडिट त्याला व्याजासह परत करावे लागते. ही गोष्ट मागणीपत्रात सभ्य शब्दांत लिहिली की काही खरेदीदारांचे अकाउंटंट तरी जागे होतात.

व्हॉट्सअॅप आणि मेल यांची नुसती छापील प्रत पुरत नाही. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ प्रमाणे सोबत प्रमाणपत्र लागते, त्याचे दोन भाग असतात: एक तुमच्याकडून, दुसरा तज्ज्ञाकडून. फोन बदललात तरी जुना हँडसेट विकू नका आणि संभाषणातले स्वतःचे रागाचे संदेश पुसू नका. अर्धवट संभाषण संशय निर्माण करते.

दोन बारीक गोष्टी, दोन्ही गोव्याच्या. पहिली कागद टिकवण्याची. थर्मल कागदावरची बिले आणि काट्याच्या चिठ्ठ्या वर्षभरात पांढऱ्या पडतात, म्हणून आल्या दिवशीच झेरॉक्स काढा. आणि पावसाळ्यात फायलीला बुरशी धरते, स्टेपलच्या पिना गंजून चलनावरची सही खातात. पिना काढून प्लास्टिकच्या क्लिपा लावा. दुसरे म्हणजे भाषा. गोव्यातल्या कोर्टांत कामकाज इंग्रजीत चालते. वही, पत्रे मराठीत किंवा कोकणीत असतील तर भाषांतर जोडावे लागते, त्याचा वेळ आणि खर्च आधीच धरा.

## ४. मागणीपत्र, मग वकिलाची नोटीस

खाजगी खरेदीदारावर पैशांचा दावा लावण्याआधी नोटीस कायद्याने सक्तीची नाही, पण पाठवावी. उत्तरात तो काय म्हणतो त्यावरून त्याचा बचाव कळतो. ‘माल घेतला पण निकृष्ट होता’ असे उत्तर आले तर माल पोचल्याचे सिद्ध करण्याचे तुमचे ओझे हलके झाले. खरेदीदार सरकारी खाते असेल तर गोष्ट वेगळी: दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची नोटीस देऊन दोन महिने थांबावेच लागते.

नोटिशीत बिलांचा तक्ता द्या: क्रमांक, तारीख, रक्कम, जमा, बाकी. व्याज कशाच्या आधारावर मागता ते लिहा. ‘२४ टक्के व्याज’ असे बिलाच्या तळाशी बारीक अक्षरांत छापले म्हणून ते मिळतेच असे नाही. खरेदीदाराने ती अट मान्य केली होती का, हा प्रश्न येतो. ऑर्डरमध्येच दर लिहिलेला असेल तर बाजू भक्कम. तशी अट नसली तरी वाजवी व्याज देण्याचा अधिकार कोर्टाला आहे.

नोटीस स्पीड पोस्टाने, पोचल्याच्या पुराव्यासह, धंद्याच्या आणि नोंदणीकृत अशा दोन्ही पत्त्यांवर पाठवा. ट्रॅकिंगचे पान लगेच छापून ठेवा, कारण ते संकेतस्थळावर कायम राहत नाही.

## ५. चेक परत आला असेल तर घड्याळ वेगळे

चेक न वटल्याची फौजदारी तक्रार ही पैशांच्या दाव्याहून वेगळी आहे. दोन्ही एकाच वेळी चालवता येतात. पण इथले दिवस निर्दयपणे मोजले जातात.

चेक त्याच्या तारखेपासून तीन महिन्यांत बँकेत भरा. परतीचा मेमो मिळाला की ३० दिवसांत लेखी नोटीस द्या. नोटीस त्याला मिळाल्यापासून पैसे द्यायला १५ दिवस. ते उलटले की एक महिन्याच्या आत तक्रार. उदाहरण घ्या: मेमो ४ मार्चला मिळाला, तर नोटीस ३ एप्रिलपर्यंत निघायला हवी. ती ८ एप्रिलला पोचली, तर २३ एप्रिलपर्यंत त्याची मुदत. २४ एप्रिलला तक्रारीचे कारण घडते आणि तिथून महिनाभरात तक्रार दाखल व्हायला हवी. २४ एप्रिलच्या आधी दाखल केली तर ती अपक्व ठरते, म्हणजे घाई केली तरी पंचाईत.

नोटिशीत चेकची नेमकी रक्कम मागा. एकूण येणे सात लाख आणि चेक दोन लाखांचा असेल तर चेकची मागणी दोन लाखांचीच, स्पष्ट आणि स्वतंत्र. आकडा टंकनात चुकला तरी तक्रार कोसळू शकते. चेक कंपनीचा असेल तर सही करणाऱ्याबरोबर कंपनीलाही आरोपी करावे लागते. तक्रार तुमचे खाते ज्या बँक शाखेत आहे तिथल्या कोर्टात होते, त्यामुळे दिल्लीच्या खरेदीदारालाही म्हापशाला यावे लागते. खटला चालू असताना चेकच्या रकमेच्या २० टक्क्यांपर्यंत अंतरिम भरपाई देण्याचा आदेश कोर्ट देऊ शकते. तो अर्ज वकिलाला आठवण करून मागायला लावा.

चेक नसेल तर मात्र ‘पोलिसांत फसवणुकीची तक्रार ठोकू’ या सल्ल्याच्या नादी लागू नका. पैसे थकणे म्हणजे फसवणूक नव्हे. पोलीस स्टेशनच्या फेऱ्यांत वेळ जातो आणि तीन वर्षांची मुदत कोणासाठी थांबत नाही.

## ६. वाट निवडा

तुम्ही स्वतः माल बनवता आणि उद्यम नोंदणी आहे? मग कोर्टाआधी सूक्ष्म-लघु उद्योगांच्या थकबाकीचे वाद सोडवणाऱ्या फॅसिलिटेशन कौन्सिलचा विचार करा. २००६ च्या कायद्याप्रमाणे सूक्ष्म किंवा लघु उद्योगाला लेखी करार असला तरी जास्तीत जास्त ४५ दिवसांत आणि करार नसेल तर १५ दिवसांत पैसे मिळायला हवेत. पुढे रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट, दरमहा चक्रवाढ व्याज लागते. बँक दर ६ टक्के धरला तर व्याज १८ टक्के. अर्ज ऑनलाइन होतो, गोव्याची कौन्सिल पणजीच्या उद्योग संचालनालयाशी जोडलेली आहे. सगळ्यांत मोठा फायदा असा की पुरवठादार गोव्यात असेल तर खरेदीदार भारतात कुठेही असो, प्रकरण इथेच चालते. पर्चेस ऑर्डरमध्ये मुंबईच्या लवादाची अट असली तरीही. कौन्सिलच्या निवाड्याला आव्हान द्यायचे तर खरेदीदाराला आधी ७५ टक्के रक्कम भरावी लागते.

दोन अडचणी. नोंदणी माल पुरवण्याच्या आधीची हवी. थकल्यावर केलेली नोंदणी जुन्या बिलांना लागू होईल या भरवशावर राहू नका. आणि नुसत्या व्यापाऱ्याला, म्हणजे घाऊक किंवा किरकोळ विक्रेत्याला, उद्यम नोंदणी मिळते ती बँकेच्या कर्जासाठी. थकबाकीचा हा लाभ त्यात येत नाही. लोणचे स्वतः बनवणारी बाई या वाटेने जाऊ शकते, तेच लोणचे विकत घेऊन हॉटेलला देणारा नाही.

रक्कम तीन लाख किंवा त्याहून जास्त? मग मालविक्रीचा वाद ‘कमर्शियल’ ठरतो आणि दाव्याआधी मध्यस्थी सक्तीची होते. तीन लाखांत दाव्याच्या तारखेपर्यंतचे व्याजही मोजले जाते. मूळ बाकी २,८५,००० आणि व्याज २०,००० असेल तर तुम्ही कमर्शियल कोर्टाच्या दारात आहात. साधा दावा समजून थेट दाखल केला तर तो मध्यस्थीअभावी फेटाळला जातो. सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२२ मध्ये ही पायरी सक्तीची असल्याचे स्पष्ट केले आहे. तातडीचा अंतरिम आदेश खरोखरच हवा असेल तरच सूट. मध्यस्थी टाळण्यासाठी उगाच जोडलेला मनाईचा अर्ज कोर्टाच्या लक्षात येतो.

मध्यस्थीचा अर्ज जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे, १,००० रुपये शुल्कासह. खरेदीदाराला नोटीस जाते. तो आलाच नाही तर तसा अहवाल मिळतो, तो दाव्याला जोडायचा. तो आला तर तीन महिने, दोघांच्या संमतीने आणखी दोन. हा काळ मुदतीतून वगळला जातो. तडजोड झाली तर तिला लवादाच्या निवाड्याचा दर्जा असतो. हप्ते ठरवताना ‘एक हप्ता चुकला तर सगळी रक्कम व्याजासह लगेच देय’ हे वाक्य घातल्याशिवाय सही करू नका, आणि हप्त्यांच्या तारखा सीझन पाहून ठरवा. जुलैत शॅकवाल्याकडून हप्ता मागणे म्हणजे करार मोडायला आमंत्रणच.

तीन लाखांहून कमी? तालुका विधी सेवा समितीकडे दावापूर्व लोकअदालतीचा अर्ज करून पाहा, फी लागत नाही. तिथला समझोता हुकूमनाम्यासारखा, म्हणजे कोर्टाच्या अंतिम आदेशासारखा, असतो आणि त्यावर अपील नाही. स्त्री पुरवठादारांनी लक्षात ठेवावे: विधी सेवा कायद्याखाली स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. घरगुती पदार्थ पुरवणाऱ्या किती जणींना हे माहीत आहे कोण जाणे.

खरेदीदार कंपनी आहे आणि थकबाकी एक कोटीच्या वर? मुंबईच्या कंपनी न्यायाधिकरणात दिवाळखोरीचा अर्ज ही एक वाट आहे. ती वसुलीची वाट नव्हे, कंपनी बुडाली तर तुम्ही रांगेत मागे असता.

## ७. दावा कुठे आणि कसा

प्रतिवादी जिथे राहतो किंवा धंदा करतो तिथे, किंवा व्यवहाराचा काही भाग जिथे घडला तिथे दावा लावता येतो. डिचोलीहून सावंतवाडीला माल गेला, ऑर्डर डिचोलीत स्वीकारली आणि पैसेही इथेच यायचे होते, तर इथल्या कोर्टाला अधिकार असल्याचे म्हणता येते. बिलावर ‘म्हापसा न्यायकक्षेच्या अधीन’ असे छापले तरी व्यवहाराचा म्हापशाशी काही संबंध नसेल तर ते छापील वाक्य अधिकार निर्माण करत नाही.

ऑर्डरमध्ये लवादाची अट असेल तर ती वकिलाला पहिल्याच दिवशी दाखवा. लपवून दावा लावला तर समोरचा पहिल्या तारखेलाच ती काढतो.

बिले खरेदीदाराने सही करून स्वीकारलेली आणि रक्कम निश्चित असेल तर संक्षिप्त दावा, म्हणजे ऑर्डर ३७ चा समरी सूट, होऊ शकतो का ते विचारा. यात समन्स मिळाल्यावर प्रतिवादीने १० दिवसांत हजेरी नोंदवायची असते आणि बचाव करण्याची परवानगी कोर्टाकडे मागायची असते. बचाव पोकळ असेल तर परवानगी मिळत नाही किंवा रक्कम भरण्याच्या अटीवर मिळते. चालू खात्याच्या नुसत्या शिलकेवर मात्र हा दावा डळमळतो. बिलागणिक मागणी मांडा.

कोर्ट फी दाव्याच्या रकमेवर ठरते. शिवाय वकीलपत्र, प्रतिज्ञापत्रे, भाषांतर, प्रतिवादीगणिक एक जास्तीचा संच. कमर्शियल दाव्यात सत्यतेचे प्रतिज्ञापत्र लागते आणि सगळे कागद दाव्याबरोबरच द्यावे लागतात. ‘उरलेली चलने पुढच्या तारखेला’ हे तिथे चालत नाही. थकलेली सगळी बिले एकदमच मागा, कारण एकाच खात्यातला काही भाग सोडून दिला तर तो नंतर वेगळा मागता न येण्याचा धोका असतो.

नोंदणी झाली की प्रकरणाचा ओळख क्रमांक, सोळा अक्षरी सीएनआर, मिळतो. ई-कोर्ट्सच्या अॅपमध्ये तो टाकून तारखा स्वतः पाहा. समन्स न बजावता परत आले आणि कोणी लक्ष दिले नाही, म्हणून महिनोन्‌महिने पडून राहिलेली प्रकरणे याच अॅपवर दिसतात. समन्स बजावणाऱ्या बेलिफाला पत्ता सापडावा म्हणून वाडा, जवळचे देऊळ किंवा चॅपल, फोन नंबर असे सगळे द्या. आपल्याकडे घर क्रमांकावरून घर सापडणे कठीण.

## ८. समोरचा काय म्हणेल

कमर्शियल दाव्यात लेखी जबाब समन्सपासून ३० दिवसांत, फार तर १२० दिवसांत द्यावा लागतो. त्यानंतर हक्क जातो. १२१ वा दिवस डायरीत लिहून ठेवा आणि वकिलाला आठवण करा.

हमखास येणारा बचाव म्हणजे माल खराब होता. मालविक्री कायदा यावर स्पष्ट आहे: माल ठेवून घेतला, वाजवी वेळेत नाकारल्याचे कळवले नाही, तर तो स्वीकारला असे धरले जाते. बांगडे सकाळी उतरवून दुपारी शिजवले आणि तक्रार नोटीस मिळाल्यावर केली, तर कोर्ट ती किती मनावर घेईल? पण चिरे भिंतीत बसल्यावर फुटले, असे म्हणणे वेगळे. माल स्वीकारल्यावरही दोषापोटी किंमत कमी करून मागण्याचा हक्क खरेदीदाराला असतो. म्हणून तक्रार आल्या दिवशीच जागेवर जा, फोटो काढा, किती नग खराब ते लिहून दोघांच्या सह्या घ्या आणि तेवढ्याची क्रेडिट नोट द्या. चारशे चिऱ्यांची क्रेडिट नोट दिलेली असली की उरलेल्या साडेतीन हजारांबद्दल बोलायला त्याच्याकडे फारसे उरत नाही.

रोख दिले, हा दुसरा बचाव. पावती दाखवण्याचे ओझे त्याच्यावर, पण तुमचा वसुली करणारा माणूस पावतीशिवाय पैसे घेत असेल तर तुम्हीच अडचणीत.

## ९. हुकूमनामा मिळाला, पैसे अजून नाहीत

हुकूमनामा म्हणजे पैसे नव्हेत. त्याने आपण होऊन भरले नाहीत तर दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, लावावी लागते, त्याला बारा वर्षांची मुदत आहे. वाट कशाला पाहायची?

मालमत्तेची माहिती प्रतिज्ञापत्रावर द्यायला लावण्याचा अर्ज आधी करा. मग बँक खाते. त्याचा जुना चेक किंवा त्याने पाठवलेल्या रकमेची नोंद तुमच्याकडे असतेच, त्यावरून बँक आणि शाखा कळते. खाते सीझनमध्ये गोठवले तर त्यात काही सापडते. त्याला कोणाकडून पैसे येणे असतील, उदाहरणार्थ बुकिंग कंपनीकडून किंवा सरकारी खात्याकडून, तर ते थेट कोर्टात भरण्याचा आदेश मागता येतो.

जमिनीवर जप्ती शेवटी ठेवा. एक-चौदाचा (जमिनीच्या नोंदीचा) उतारा काढला की बहुधा आजोबांचे नाव दिसते, इन्व्हेंटरी, म्हणजे वारसांतली वाटणी, झालेली नसते आणि हिस्सेदार डझनभर. शिवाय गोव्याच्या कायद्यात लग्नाआधी वेगळा करार केलेला नसेल तर नवराबायकोची मालमत्ता सामाईक असते, त्यामुळे नवऱ्याच्या उधारीपोटी जप्ती आली की बायको आपल्या अर्ध्या हिश्श्याची हरकत घेते. ही हरकत धंद्याच्या कर्जाला किती टिकते हा वादाचा मुद्दा आहे, पण वेळ जातोच.

दावा चालू असतानाच तो यंत्रे विकतो आहे, हॉटेल दुसऱ्याच्या नावावर करतो आहे असे दिसले, तर निकालाआधीच जप्ती मागता येते. त्यासाठी ‘तो पळून जाईल असे वाटते’ पुरत नाही. कोणता फ्रीझर, कोणत्या तारखेला, कोणत्या टेम्पोतून गेला ते लिहावे लागते. टेम्पोचा नंबर टिपून ठेवा.